शेजारी वायर न्यायला देत नाही, मग मीटर कसा घ्यायचा?

घर बांधून झालं, आतलं वायरिंग झालं, पोल समोर दिसतोय, पण मधे शेजाऱ्याची मोकळी जागा आहे आणि तो म्हणतो माझ्या जागेवरून तार जाऊ देणार नाही. लाइनमन येऊन बघून जातो, जाताना सांगतो "आधी त्यांची एनओसी (ना हरकत दाखला) आणा, मग बघू". इथनं पुढं लोकांचं वर्ष वर्ष जातं. काहीजण शेजाऱ्याच्या दारात हात जोडून फिरतात, काहीजण चिडून सरळ वकील गाठतात आणि दिवाणी कोर्टात दावा टाकून बसतात, तिथं तारखा पडत राहतात आणि घरात मुलं मेणबत्तीवर अभ्यास करतात. मला हे बघवत नाही, कारण ह्या दोन्हीच्या मधे एक रस्ता कायद्यातच दिलेला आहे आणि तो फार कमी लोक वापरतात. इथं सगळं महाराष्ट्रातलं आणि महावितरण धरून लिहितोय, मुंबईत बेस्ट, अदानी किंवा टाटा असेल तरी मूळ कायदा तोच, विद्युत कायदा २००३.

एक गोष्ट आधी डोक्यात पक्की करा. मीटर मिळण्यासाठी शेजाऱ्याची एनओसी पाहिजे असं कायदा म्हणत नाही. कलम ४३ म्हणतं की जागेच्या मालकानं किंवा कब्जेदारानं अर्ज केला की वीज कंपनीनं जोडणी द्यायची आहे, मुदतीत दिली नाही तर दिवसाला १००० रुपयांपर्यंत दंडाची तरतूद त्याच कलमात आहे. "किंवा कब्जेदारानं" हे नीट वाचा, म्हणजे भाडेकरूसुद्धा आला. मे २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टानं दिलीप विरुद्ध सतीश ह्या केसमध्ये स्पष्ट सांगितलं की वीज ही मूलभूत सोय आहे, घरमालक एनओसी देत नाही म्हणून भाडेकरूला वीज नाकारता येत नाही, कंपनीनं एवढंच बघायचं की अर्जदार त्या जागेत राहतोय का. आता जिथं खुद्द घरमालकाची एनओसी लागत नाही तिथं शेजाऱ्याची एनओसी आणा म्हणून फाइल अडवून ठेवणं कुठं बसतं? ह्या निकालाची प्रिंट काढून अर्जाला जोडा, साहेबांच्या बोलण्यात फरक पडतो.

पण ह्याचा अर्थ कंपनीनं शेजाऱ्याच्या जागेत मनमानी घुसावं असाही नाही. तुम्हाला वीज मिळणं हा एक प्रश्न आणि तार कुठून न्यायची हा दुसरा प्रश्न. पहिल्यात तुमचा हक्क आहे. दुसरा प्रश्न सोडवायची जबाबदारी कंपनीची आहे, तुमची नाही, आणि शेजाऱ्याला तिथं हरकत घ्यायचा अधिकार आहे. सगळी भांडणं होतात ती हे दोन प्रश्न एकात गुंतवल्यामुळं.

तर सुरुवात कुठून करायची. आधी कागद काढा. गावठाणात असाल तर ग्रामपंचायतीचा घराचा उतारा, घरपट्टीची पावती, सिटी सर्व्हे झालेला असेल किंवा स्वामित्व योजनेत ड्रोनची मोजणी झाली असेल तर प्रॉपर्टी कार्ड आणि त्याचा नकाशा. शेतात घर असेल तर सातबारा. नकाशा सगळ्यात महत्त्वाचा आहे, कारण बऱ्याच वेळा शेजारी ज्याला "माझी जागा" म्हणतो तो निघतो सामाईक बोळ, किंवा ग्रामपंचायतीचा रस्ता. दोन्ही घरांची जुनी खरेदीखतं काढून चतुःसीमा वाचा, "पूर्वेस सामाईक बोळ" असं लिहिलेलं असेल तर अर्धं भांडण तिथंच मिटतं. सार्वजनिक रस्त्याच्या कडेनं लाइन टाकायला कंपनीला कोणा खाजगी माणसाची संमती लागत नाही, ते ग्रामपंचायत किंवा नगरपालिका बघते.

मग मार्ग शोधा. एक नाही, दोन-तीन. सरळ तार शेजाऱ्याच्या अंगणावरून जात असेल तर रस्त्याच्या कडेनं एक जादा पोल टाकून वळवता येते का, उघड्या तारेऐवजी रस्त्याच्या बाजूनं जमिनीखालून केबल येते का (साधारण अडीच फूट खोल गाडतात), मागच्या बोळातून दुसऱ्या डीपीची (ट्रान्सफॉर्मरची) लाइन जवळ आहे का. जादा पोलाचा खर्च येतो हे खरं, पण कोर्टाच्या खर्चापुढं आणि आयुष्यभराच्या शेजारवैरापुढं तो काहीच नाही असं माझं ठाम मत आहे. हाताने का होईना पण कागदावर नकाशा काढा, पोल कुठं, तुमचं घर कुठं, मार्ग १, मार्ग २, मार्ग ३, सगळ्याची अंदाजे अंतरं फुटात टाका. शाखेचे इंजिनिअर पाहणीला येतील तेव्हा हा कागद त्यांच्या हातात द्यायचा.

ह्या टप्प्यावर शेजाऱ्याशी एकदा शांतपणे बोलाच, बऱ्याचदा हरकतीचं कारण विजेचं नसतंच. "काका, तुमची नेमकी अडचण काय आहे" एवढं विचारलं तरी कळतं की त्याला पुढच्या वर्षी तिथं मजला चढवायचाय आणि तार आडवी येईल ही भीती आहे, किंवा वाटणीचा जुना राग आहे, किंवा त्याला वाटतं की एकदा तार गेली की जागेवर ह्यांचा हक्क लागेल. प्रत्येक भीतीला उत्तर वेगळं आहे. मजला चढवायचा असेल तर तार भिंतीच्या कडेनं, उंचावरून किंवा जमिनीखालून. हक्काची भीती असेल तर कागदावर लिहून द्या की सर्व्हिस वायर (पोलापासून मीटरपर्यंतची) कंपनीची आहे आणि त्यावरून आम्ही जागेवर कुठलाही मालकी हक्क सांगणार नाही. गावात तंटामुक्त समिती चालू असेल (२००७ पासूनची मोहीम, काही गावात अजून नीट चालते) तर तिथं पाच माणसांसमोर बसून हे लिहून घ्या. त्याचा पुढं कलेक्टर ऑफिसलाही उपयोग होतो, तुम्ही समजुतीचा प्रयत्न केला होता हे दिसतं.

बोलून नाही जमलं तर पुढचं काम लेखी. अर्ज ऑनलाइन भरा किंवा ऑफिसमध्ये द्या, पण अर्ज नंबर घ्या. अर्ज नंबर नसेल तर तुमची मागणी आहे हेच सिद्ध होत नाही आणि कित्येक लोक सहा महिने फक्त तोंडी बोलत राहिलेले असतात. वीज ग्राहकांच्या हक्कांचे नियम आहेत २०२० चे, त्यात फेब्रुवारी २०२४ ला दुरुस्ती झाली, त्यानुसार नवीन जोडणीची मुदत महानगरात ३ दिवस, नगरपालिका भागात ७ दिवस, ग्रामीण भागात १५ दिवस आणि डोंगराळ ग्रामीण भागात ३० दिवस. लाइन वाढवावी लागणार असेल तर मुदत जास्त मिळते, हे ध्यानात ठेवा. मुदत उलटली किंवा "एनओसी आणा" असं तोंडी सांगितलं की लगेच महावितरणच्या सबडिव्हिजन ऑफिसला असं पत्र द्या:

"मी अमुक, घर क्रमांक अमुक येथे राहतो. दिनांक अमुक रोजी नवीन वीजजोडणीसाठी अर्ज क्रमांक अमुक केला आहे. शेजारील मिळकतधारकांची हरकत असल्याचे मला तोंडी सांगण्यात आले. सोबत जोडलेल्या नकाशातील तिन्ही मार्गांची पाहणी करून जो मार्ग शक्य आहे त्याचे कोटेशन द्यावे. हरकतीशिवाय दुसरा मार्गच नसेल तर विद्युत कायद्याच्या कलम ६७ आणि त्याखालील नियमांप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घेण्यासाठी आपल्या कार्यालयाने प्रस्ताव पाठवावा. जोडणी नाकारत असाल तर कारण लेखी द्यावे."

दोन प्रती न्या, एकीवर आवक शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का देत नसतील तर स्पीड पोस्टानं पाठवा. पंधरा-वीस दिवसात हालचाल नाही झाली तर महावितरणकडे माहिती अधिकारात अर्ज टाका, पाहणी अहवालाची प्रत मागा, ३० दिवसात उत्तर द्यावं लागतं.

ह्या पत्रातलं जिल्हाधिकाऱ्याचं वाक्य हेच सगळ्याचं मर्म आहे म्हणून जरा सविस्तर सांगतो. कलम ६७ खाली "वर्क्स ऑफ लायसेन्सीज" नावाचे नियम आहेत. त्यात सांगितलंय की खाजगी जागेवरून नवीन लाइन न्यायची तर कंपनीनं मालकाची किंवा कब्जेदाराची संमती घ्यायची, पण त्यानं हरकत घेतली तर तिथं विषय संपत नाही, कंपनीनं जिल्हाधिकारी, पोलीस आयुक्त किंवा सरकारनं नेमलेल्या अधिकाऱ्याकडे लेखी परवानगी मागायची. तो अधिकारी दोघांचं ऐकतो, परवानगी द्यायची का ठरवतो आणि शेजाऱ्याला किती भरपाई किंवा वार्षिक भाडं द्यायचं तेही ठरवतो. त्या आदेशावर नाराज असेल तो वीज नियामक आयोगाकडे जाऊ शकतो. म्हणजे शेजारी "नाही" म्हणाला की कंपनीनं हात वर करायचे नसतात, तर फाइल पुढं पाठवायची असते. आदेश आला की गरज पडल्यास कंपनी पोलीस बंदोबस्त मागून लाइन ओढते. हा अर्ज कंपनीनं करायचा असतो, तुम्ही नाही, म्हणून तर ते करत नाहीत, कारण त्यांना काम वाढतं. तुम्ही पत्राची एक प्रत कलेक्टर ऑफिसच्या आवक विभागात जरूर द्या, म्हणजे दोन्हीकडे नोंद राहते.

काही लोक तहसीलदाराकडे जातात. शेताच्या रस्त्याचं जमीन महसूल संहितेतलं कलम १४३ किंवा मामलेदार कोर्टाचा अर्ज माहीत असतो म्हणून वाटतं लाइटचंही तिथंच होईल. ते शेतरस्ते आणि पाण्याच्या वाटांसाठी आहे, विजेच्या तारेसाठी तिथं वेळ घालवू नका.

कंपनी हलतच नसेल तर ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच. महावितरणच्या प्रत्येक झोनला आहे, वकील लागत नाही, कारण घडल्यापासून २ वर्षांच्या आत जायचं, मंचानं ६० दिवसात निकाल द्यायचा असतो. निकाल पटला नाही तर ६० दिवसात विद्युत लोकपाल, त्यांची ऑफिसं मुंबई आणि नागपूरला आहेत. मंचाकडे मागणी करताना "शेजाऱ्याला समज द्या" असं मागू नका, मंच शेजाऱ्याला काही सांगू शकत नाही. मागणी अशी करा की कंपनीला अमुक मुदतीत मार्गाची पाहणी करून जोडणी देण्याचा किंवा जिल्हाधिकाऱ्यांकडे प्रस्ताव पाठवण्याचा आदेश द्यावा.

आणि इथंच ती गोष्ट येते ज्याच्यासाठी मी लोकांना कळकळीनं सांगत असतो की आधी दिवाणी दावा टाकू नका. त्याच विषयावर तुमचा दावा कोर्टात चालू असला तर मंच तुमची तक्रार घेत नाही. म्हणजे साठ दिवसांचं दार तुम्ही स्वतःच्या हातानं बंद करून कैक वर्षांच्या रांगेत जाऊन उभे राहता. क्रम पाळा, कंपनी, कलेक्टर, मंच, लोकपाल, आणि मग कोर्ट.

आणखी एक मधला पर्याय, तुमच्या जिल्ह्यात कायमस्वरूपी लोक अदालत असेल तर बघा. वीजपुरवठा ही तिथं "सार्वजनिक उपयोगी सेवा" म्हणून मोजली जाते, कोर्ट फी नाही, आधी समझोता करायचा प्रयत्न होतो आणि नाही झाला तर त्यांना निकाल द्यायचाही अधिकार आहे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या ऑफिसात जाऊन विचारा, बायकांना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना तिथं वकीलही मोफत मिळतो.

आता एक वेगळा प्रकार, तो लोक हमखास चुकवतात. मीटर कुठं आहे ते बघा. पोलापासून मीटरपर्यंतची वायर कंपनीच्या हद्दीतली आणि मीटरच्या पुढची तुमची खाजगी. बऱ्याच ठिकाणी शेजारी अडवतो म्हणून मीटर रस्त्याकडेला एका पेटीत बसवतात आणि तिथून स्वतःची केबल शेजाऱ्याच्या जागेतून घरापर्यंत ओढतात. त्या दिवशी काम होतं, पण तुम्ही कलम ६७ च्या बाहेर पडलात. आता त्या केबलसाठी कंपनी किंवा कलेक्टर काही करणार नाहीत, तो तुमचा आणि शेजाऱ्याचा खाजगी मामला झाला आणि त्याला १८८२ चा सुविधाधिकाराचा (दुसऱ्याच्या जागेतून वाट, पाणी, तार नेण्याच्या हक्काचा) कायदा लागतो.

त्या कायद्यात शेजाऱ्याच्या तोंडी "टाक रे वायर, काय होतंय" ह्याला फक्त परवाना म्हणतात. दिलेली परवानगी तो साधारणपणे मागे घेऊ शकतो. तुम्ही त्या परवानगीवर विसंबून खर्च करून कायमस्वरूपी काम केलं असेल तर कलम ६० चा आधार मिळतो, पण लटकती केबल कायमस्वरूपी काम आहे का ह्यावर भांडत बसावं लागतं. त्याहून वाईट म्हणजे कलम ५९, शेजाऱ्यानं जागा विकली की नवीन मालकावर ती परवानगी बंधनकारक नसते. जुने आबा होते तोवर सगळं गोड, मुलांनी प्लॉट विकला आणि नवीन मालक पहिल्या आठवड्यात म्हणतो केबल काढा, असे किस्से कुठल्याही तालुक्याला मिळतील. २० वर्षं उघडपणे, खंड न पडता आणि हक्क म्हणून वापरलं तर कलम १५ खाली सुविधाधिकार तयार होतो खरा, पण परवानगी घेऊन वापरलं असेल तर ते "हक्क म्हणून" धरत नाहीत. त्यामुळं खाजगी केबल न्यायचीच असेल तर शेजाऱ्याकडून सुविधाधिकाराचं दस्त करून घ्या आणि दुय्यम निबंधकाकडे नोंदवा, त्याला योग्य मोबदला द्या, नकाशा जोडा, दुरुस्तीला आत यायची परवानगी लिहून घ्या. नोंदवलेला दस्त नवीन मालकालाही मानावा लागतो.

भावाभावातलं प्रकरण असेल तर थोडं वेगळं आहे, आणि खरं सांगायचं तर निम्मी प्रकरणं भावाभावातलीच असतात. पुढचं घर थोरल्याला, मागचं धाकट्याला, आणि लाइट पुढच्या घरावरूनच येणार. एकत्र जागेची वाटणी झाली आणि एका हिश्श्याच्या वापरासाठी दुसऱ्या हिश्श्यातून काही नेणं गरजेचंच असेल तर त्याच सुविधाधिकाराच्या कायद्याच्या कलम १३ खाली गरजेचा सुविधाधिकार मागता येतो. मात्र खरंच दुसरा मार्ग नसला पाहिजे, मागून बोळ असेल तर कोर्ट विचारणार की तिकडून का नाही. अजून वाटणी व्हायची असेल तर वाटणीपत्रातच लिहा की पाणी, सांडपाणी आणि वीज कुठून जाणार. एका ओळीचं काम आहे, पण पुढच्या पिढीतल्या चुलत भावंडांचं बोलणं त्या ओळीवर टिकतं. आणि भावाची हरकत "ह्याच्या नावावर मीटर आला की घर ह्याचं होईल" अशी असेल तर त्याला समजवा की लाइट बिल हा मालकीचा पुरावा नसतो, पाहिजे तर तसं हमीपत्र द्या.

आता दुसऱ्या बाजूनं. तुम्हीच तो शेजारी असाल, ज्याच्या गच्चीवरून तार ओढायला आलेत. तुमची हरकतही खरी असू शकते. सुरक्षेच्या नियमांनुसार लो टेन्शनची (कमी दाबाची, घरांना वीज देणारी) तार गच्चीच्या सगळ्यात उंच भागापासून उभी २.५ मीटर आणि भिंतीपासून आडवी १.२ मीटर लांब पाहिजे, रस्ता ओलांडताना जमिनीपासून ५.८ मीटर. ह्याच्या आत येत असेल तर तारीख दिसेल असे फोटो काढून सबडिव्हिजनला आणि जिल्ह्याच्या विद्युत निरीक्षकांना लेखी कळवा, ते स्वतंत्र सरकारी खातं आहे. "माझी जागा आहे, नाही म्हणजे नाही" असं लिहिण्यापेक्षा "मला इथं मजला बांधायचाय, परवानगीचा नकाशा सोबत आहे, अमुक बाजूनं नेली तर हरकत नाही" असं लिहिलेली हरकत कलेक्टरपुढं टिकते. आधीच टाकलेल्या लाइनबद्दलही पुरेसं कारण दाखवलं तर ती हलवायचा आदेश देता येतो. नुसती सोय म्हणून हलवायची असेल तर खर्च तुम्हाला भरावा लागेल. आणि तारेखाली बांधकाम सुरू करायच्या आधी कंपनीला कळवणं बंधनकारक आहे, हे विसरून स्लॅब टाकताना सळई तारेला लागून माणसं गेलीयत.

भांडण चालू असताना तीन गोष्टी अजिबात नकोत. तिसऱ्या शेजाऱ्याच्या मीटरमधून तात्पुरती लाइट घेऊ नका, ज्या जागेसाठी मीटर दिलाय त्याच्या बाहेर वीज दिली की विद्युत कायद्याचं कलम १२६ लागतं आणि दुप्पट दरानं आकारणी होते, तीही मदत करणाऱ्याच्या डोक्यावर. आकडा टाकू नका, ती सरळ कलम १३५ ची चोरी, शिवाय तुमची खरी बाजू तिथंच संपते. आणि समोरच्यानं वायर तोडली तर स्वतः जोडायला वर चढू नका, कंपनीला आणि पोलिसांना कळवा, पुरवठा बंद पाडायच्या हेतूनं लाइन तोडणं हा कलम १४० खाली गुन्हा आहे, फोटो आणि तक्रारीची प्रत ठेवा.

कोर्टात जायची वेळ आलीच, किंवा शेजारी आधी जाईल असं वाटत असेल, तर सगळ्यात आधी कॅव्हेट ("मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका" असा कोर्टाला अर्ज) दाखल करा. दिवाणी संहितेच्या कलम १४८-अ खाली ते ९० दिवस चालतं, तेवढ्या काळात तुम्हाला न ऐकता शेजाऱ्याला मनाई हुकूम मिळत नाही, ९० दिवस संपत आले की परत टाका. नाहीतर पोल उभा करायच्या आदल्या दिवशी एकतर्फी "जैसे थे" चा आदेश येतो आणि पोल ट्रॉलीवरच राहतो. तुमच्या बाजूनं दावा असेल तर वीज कंपनीलाही प्रतिवादी करा, ती पार्टी नसेल तर मिळालेला आदेश अंमलात कोण आणणार. कोर्ट कमिशनर नेमून जागेची पाहणी करायचा अर्ज सुरुवातीलाच द्या आणि हद्दीचा वाद असेल तर भूमी अभिलेखची मोजणी मागा, मोजणीचा नकाशा आला की निम्मे दावे आपोआप थंड होतात. वकिलाला पहिल्या दिवशी द्यायचे कागद म्हणजे अर्ज नंबर, आवक शिक्क्याची पत्रं, तीन मार्गांचा नकाशा, माहिती अधिकाराचं उत्तर, मंचाचा आणि कलेक्टरचा आदेश असेल तर तो, आणि शेजाऱ्याची लेखी हरकत. शेजाऱ्यानं लेखी काहीच दिलं नसेल तर कंपनीच्या पाहणी अहवालात त्याची हरकत कोणत्या शब्दात नोंदवलीय ते तपासा, कारण कोर्टात तो पुढं वेगळंच कारण सांगायला लागतो.